पाठाची खुर्ची

भाऊ आला तो सवयीप्रमाणे खिडकीजवळच्या खुर्चीकडे वळला.

थोरलीने ते पाहिलं आणि ती चहाचं पाणी ठेवायला आत गेली. पुढच्या खोलीत खुर्च्या कशा मांडायच्या हे या घरात ठरलेलं होतं. भिंतीवर काळा रंग देऊन आईने करून घेतलेला फळा, त्या फळ्याला पाठ करून एकच साधी खुर्ची, तिच्यासमोर बाकीच्या, आणि सगळ्यांच्या मागे खिडकीजवळ हातांची खुर्ची. ती पाठ बघणाऱ्याची. आई होती तोवर तिथे आई बसायची. आई गेली, पुढे भाऊ अध्यापक महाविद्यालयाचा प्राचार्य झाला, आणि कोणी न सांगता ती खुर्ची त्याची झाली.

आईने शिक्षिकेचं प्रशिक्षण घेतलं त्या काळी सराव पाठ झाला की मुली बाहेर झाडाखाली बसून त्याची चर्चा करायच्या. जिचा पाठ तिने गप्प बसायचं. सगळ्यांत लहान असेल तिने आधी बोलायचं, मोठ्यांनी मागाहून, म्हणजे मोठ्यांचं ऐकून लहानांनी आपलं मत गिळायला नको. आणि शेवटी पाठ घेणारीने एकच वाक्य सांगायचं, पुढच्या वेळी मी काय वेगळं करीन. आईने ती पद्धत उचलून घरी आणली. थोरलीचं लग्न, धाकटीने नर्स व्हायचं का नाही, भाऊने पहिली नोकरी सोडायची का, सगळं याच खोलीत असंच ठरलं. फळ्याजवळच्या खुर्चीवर बसून रडलेले पुष्कळ होते. वाक्य न सांगता उठलेलं मात्र कोणी नव्हतं.

"बारकीला बसव तिथे," भाऊ खुर्चीत टेकत आतल्या बाजूला बघून म्हणाला. "उगाच लांबण नको. उद्या सकाळी मला कोर्टात जायचंय."

"तिलाही जायचंय," धाकटी म्हणाली. दवाखान्यातून ती परस्पर आली होती, पायांत अजून पांढरे बूट होते. "तू एका बाजूला बसणार, ती दुसऱ्या. सख्ख्या मामावर केस केली म्हणून वॉर्डातल्या बाया मला विचारतात, हे खरं का गं?"

"मग काय सांगतेस?"

"सांगते, खरं आहे. आणि मामाने काय केलं तेही सांगते."

मामीने, भाऊच्या बायकोने, पिशवीतून बिस्किटांचा डबा काढला आणि मध्ये ठेवला. कोणी हात लावला नाही. मामीला दोन दिवसांपासून धड घास जात नव्हता, पण डबा आणायला ती विसरली नव्हती. भांडणाच्या घरी रिकाम्या हाताने जाऊ नये असं तिला वाटायचं.

बारकी, धाकटीची लेक, दारातच उभी होती. घरात सगळ्यांत लहान म्हणून बारकी, नाहीतर उंचीने ती मामाच्या खांद्याच्या वर गेली होती.

भाऊने घसा साफ केला. "हे बघा. मी संस्थेच्या लोकांशी बोललोय. बारकीने याचिकेतून आपलं नाव काढून घ्यावं. संस्थेच्या राखीव जागा असतात, त्यातली एक तिला मिळेल. सोमवारपासून वर्गात बसू दे. बुडालेले पाठ मी पुरे करून घेतो. कोणाला कळणारही नाही."

"आणि बाकीच्या?" बारकीने विचारलं.

"बाकीच्यांचं कोर्ट बघेल."

"त्यांना कोण मामा आहे?"

"उद्धटपणा नको. मी तुझ्यासाठी किती लोकांचे पाय धरलेत तुला माहीत नाही."

थोरली चहाचा ट्रे घेऊन आली. ट्रे खाली ठेवला, पदराला हात पुसले आणि विचारलं, "आज पाठ कोणाचा आहे?"

"कोणाचा म्हणजे? बारकीचा," भाऊ म्हणाला.

"बारकीने कुठला पाठ घेतला? तिने तुमचं प्रवेशाचं पुस्तक वाचलं. कोणत्याही शाखेचा पदवीधर, असं त्यात होतं. तिने परीक्षा दिली, पास झाली, तुम्ही बोलावलंत म्हणून आली. सांगितलंत तिथे शिकवायला उभी राहिली. मग एक दिवस तुम्ही म्हणालात, तुझा विषय शाळेत शिकवत नाहीत, तू घरी जा. यात पाठ घेतला कोणी?"



"मानसशास्त्र," धाकटी म्हणाली. "आणि पहिल्या सहामाहीत हे काय शिकवतात? तर बालकांचं मानसशास्त्र. मास्तरांना शिकवायला चालतं, मास्तरीण व्हायला चालत नाही!"

"ज्याने पाठ घेतला त्याने खुर्चीवर बसायचं," थोरली म्हणाली. "भाऊ, ऊठ. पुढे ये."

भाऊ हसला. खरं तर त्याला वाटलं, ताई थट्टा करतेय. लहानपणी ती अशी करायची, गंभीर चेहऱ्याने. पण तिचा हात फळ्याजवळच्या खुर्चीच्या पाठीवर होता आणि तो हलत नव्हता. खोलीतल्या सगळ्यांनी आपापल्या खुर्च्या थोड्या सरकवल्या, वाट करून दिल्यासारख्या. मामीनेही सरकवली. ते त्याला जास्त लागलं.

तो उठला. मधून जाताना त्याच्या कोटाचा खिसा मामीच्या खुर्चीला अडकला. त्याने तो सोडवला आणि फळ्याजवळ जाऊन बसला. इतक्या वर्षांत तो विसरला होता की त्या खुर्चीवरून खिडकीचा उजेड नेमका डोळ्यांवर येतो आणि समोरच्यांचे चेहरे नीट दिसत नाहीत.

खिडकीजवळची खुर्ची रिकामी राहिली. थोरली तिथे बसली नाही. ती ओळीतच बसली.

"लहानापासून," ती म्हणाली.

बारकी पुढे आली. तिने मनात खूप काही जुळवलं होतं, रागाची वाक्यं, कॉलेजच्या पायऱ्यांवर मैत्रिणींबरोबर म्हणून पाहिलेली. त्यातलं काही आठवेना.

"मी चौथीच्या वर्गावर होते," ती म्हणाली. "कवितेचा पाठ होता. अर्धा फळा लिहून झाला होता. शिपाईकाका दारात आले आणि म्हणाले, बाई, सर बोलावतात. मला वाटलं पाच मिनिटांचं काम असेल. मी मुलांना म्हटलं, पुढच्या ओळी तुम्ही मनात म्हणा, मी आलेच. मी परत गेलेच नाही. खाली ऑफिसात मला सांगितलं की आजपासून तुम्ही विद्यार्थिनी नाही. खडू माझ्या हातात होता. क्लार्क म्हणाले, तो खडू शाळेचा आहे, ठेवून जा."

"हे मला माहीत नव्हतं," भाऊ म्हणाला.

"मध्ये बोलायचं नाही," धाकटीने सुनावलं.

"मामा, मला एवढंच म्हणायचंय," बारकी म्हणाली. "तू वर्गात येऊन सांगितलं असतंस तरी चाललं असतं. मुलांसमोर सांगितलं असतंस तरी. पाठ पूर्ण होईपर्यंत थांबायचं एवढं तरी तूच आम्हाला शिकवलंस ना? आणि राखीव जागा मला नको. माझ्या खोलीतली मुलगी गणितात हुशार आहे, पण पदवी कॉमर्सची, म्हणून तिलाही काढलं. ती वसतिगृहाच्या जिन्यात बसून होती. सामान बांधायला मीच मदत केली. मी सोमवारी वर्गात बसले तर तिच्या बाकावर कोण बसलंय असं मी स्वतःलाच विचारणार."

ती बसली. बसताना तिने बिस्किटांचा डबा उचलून मांडीवर घेतला.

मग जावई. थोरलीच्या लेकीचा नवरा, वकील. बारकीची आणि तिच्या मैत्रिणींची याचिका त्यानेच लिहिली होती. लेक आज कामावर होती. एरवी सासरच्या माणसांत तो जपून बोलायचा, त्यामुळे सासूबाईंना तो थोडा मऊ वाटायचा.

"मामा, मी दोनच मुद्दे मांडतो," तो म्हणाला. "पहिला असा की विषयाचा नियम आला तो प्रवेश झाल्यानंतर. मागे जाऊन तो लावता येत नाही. दुसरा, तुमच्या स्वतःच्या पुस्तकात शब्द दिलाय. कोर्ट या दोन्ही मुद्द्यांवर आमचं ऐकेल असं मला वाटतं. तुमच्या बाजूने हे मोडायला एकच गोष्ट लागेल. अशी अट येणार हे मुलांना आधीच सांगितलं होतं, सगळं माहीत असून ती आली, असं कोणीतरी शपथेवर म्हटलं तर. तसं म्हणणारा अजून कोणी पुढे आलेला नाही. तुम्ही येणार नाही अशी माझी खात्री आहे. एवढंच."

मामी खाली बघत होती. जावई बोलत असताना तिची बोटं पदराच्या काठाला घड्या घालत होती, एक, मग दुसरी, मग सगळ्या सोडून पुन्हा. थोरलीने ते पाहिलं. जवळजवळ सगळं आयुष्य तिने वर्गात घालवलं होतं. बाकावर कोण काय लपवतंय हे तिला मागून चालत येतानाही कळायचं.

"वहिनी," ती हळूच म्हणाली. "तुझी पाळी."

"माझं काय, ताई."

"तू कॉलेजच्या ग्रंथालयात होतीस. मुलांना पुस्तकं दिलीस. तुझंही मत असेल."

मामीला वाटलं, उठावं आणि आत जाऊन कपबशा धुवाव्यात. ज्या घरात ती सून म्हणून आली त्या घरात तिला कोणी कधी कमी लेखलं नव्हतं. पण या खोलीत, या खुर्च्यांवर, ती नेहमी नवऱ्याच्या मागून बोलत आली होती. तो काय म्हणणार ते कळलं की तिचं मत तेच. आज तो बोलू शकत नव्हता. तिने त्याच्याकडे पाहिलं. त्याने मान किंचित हलवली. नको, असं.

ती मान हलली नसती तर ती कदाचित गप्प बसली असती.

"अहो, सांगा ना तुम्हीच," ती म्हणाली. "मला का सांगायला लावता?"

"काय सांगायचंय?" धाकटीने विचारलं.

"परवा संध्याकाळी ते घरी आले. जेवले नाहीत. मी विचारलं तर म्हणाले, झालं एकदाचं." मामीने हातातला पदर सोडला. "सही केली यांनी. जावईबापू म्हणाले ना, कोणी शपथेवर म्हटलं तर... यांनीच म्हटलंय. मुलांना प्रवेशाच्या वेळी पूर्ण कल्पना दिली होती, असं. उद्या ते वाचणार आहेत."

जावयाने डोळे मिटले.

धाकटी उठून उभी राहिली. "म्हणजे तू आज इथे आलास तो..."

"खाली बस," थोरली म्हणाली.

"नाही बसत! अगं, हा सही करून आलाय! सही करून आणि वर मोठ्या मनाने जागा द्यायला आलाय! म्हणजे उद्या तो कागद वाचतील तेव्हा भाची समोर नको, एवढ्यासाठी सगळी माया. रात्रपाळ्या करून शिकवलं मी हिला. हिचे वडील वर्षातले दहा महिने बोटीवर. हिला ताप आला, परीक्षा आली, काही झालं की मामाला विचार, असं मीच सांगायचे. मीच! मामा आहे ना, तो चुकीचं सांगणार नाही." तिने बिस्किटांचा डबा बारकीच्या मांडीवरून घेऊन टेबलावर आपटला. "माझी पाळी झाली. मला अजून काही म्हणायचं नाही."

भाऊला आता बोलल्यावाचून राहवेना. पद्धत मोडत होती, हे त्याला कळत होतं.

"तुम्हाला वाटतं मला कळत नाही?" तो म्हणाला. "चूक कॉलेजची झाली असं मी लिहून दिलं तर मान्यता जाते. गेली तर उरलेली सगळी मुलंही रस्त्यावर. शिक्षक रस्त्यावर. संस्थेने मला पुढे केलं. प्राचार्य म्हणून सही माझीच लागते. मी थोड्यांना सोडलं आणि पुष्कळांना वाचवलं. तुम्ही कोणी त्या खुर्चीवर बसला असता तर काय केलं असतं?"

"मी त्या खुर्चीवर बसले होते," थोरली म्हणाली. "शाळा लहान होती, पण खुर्ची तीच."

तिची पाळी होती. ती उठली नाही. तिला गुडघ्यांमुळे बसून बोलावं लागायचं, पण आवाज उभ्या माणसाचा होता.

"तुझा पहिला पाठ आठवतो का, भाऊ? याच फळ्यावर. तू नुकताच शाळा संपवून बाहेर पडला होतास. विषय तर सोड, पदवीसुद्धा नव्हती. तेव्हा प्रशिक्षणाला कोणी विचारत नव्हतं की तुझा विषय कुठला. त्या जुन्या कॉलेजात मुलाखत घ्यायला एक म्हातारे गुरुजी बसायचे. त्यांच्याकडे एक लहान मूल असायचं, कोणाचंही, शेजारचं. ते म्हणायचे, याला काहीतरी शिकव. मी शिकवलं, तू शिकवलंस. मूल हसलं तर आत, रडलं तर बाहेर. आपण दोघेही आत गेलो ते एवढ्यावर. आणि तू आज मुलींना अट सांगतोस!

"त्या दिवशी इथे तू नदी शिकवलीस. मी, धाकटी, आई, बाबा, आम्ही विद्यार्थी. तू प्रश्न विचारायचास आणि आम्ही तोंड उघडायच्या आत उत्तर स्वतःच द्यायचास. घाईघाईने. घाम आला होता तुला. चर्चेत धाकटी पहिली बोलली. फ्रॉकमध्ये होती. म्हणाली, मला येत होतं, पण भाऊने सांगूच दिलं नाही. मग तू याच खुर्चीवर बसून वाक्य सांगितलंस. पुढच्या वेळी मी थांबेन, त्यांना बोलू देईन. आईला इतका आनंद झाला होता. रात्री मला म्हणाली, हा होईल शिक्षक."

भाऊने चष्मा काढून हातात धरला.

"आता मला सांग. यंदा वर्ग सुरू झाले त्या दिवशी प्रमुख पाहुणी म्हणून कोणाला बोलावलं होतंस?"

त्याने चष्मा पुन्हा डोळ्यांवर चढवला.

"मला. व्यासपीठावर तुझ्या शेजारी बसले होते मी. बारकी तिसऱ्या रांगेत होती. तू उभा राहिलास आणि म्हणालास, तुम्ही कोणत्या विषयातून आलात हे इथे कोणी विचारणार नाही, मुलांना तुमच्यासोबत बसावंसं वाटलं पाहिजे, एवढीच अट. मला गुरुजी आठवले. मी टाळ्या वाजवल्या. सगळ्यांत आधी मी वाजवल्या, भाऊ. आणि परवा तू लिहून दिलंस की मुलांना अट माहीत होती!"

 बाहेरच्या रस्त्यावर कोणीतरी सायकलची घंटी वाजवत होतं, पोरं असावीत.

जावई म्हणाला, "मामा, अजून वेळ गेलेली नाही. सुनावणी सुरू व्हायच्या आधी दुरुस्तीचं प्रतिज्ञापत्र देता येतं. ते वाक्य चुकून आलं असं म्हणा. एक पानही होणार नाही. मी तुमच्या वकिलांना आत्ता फोन लावतो. मान्यतेचं पुढे बघता येईल, त्याला मार्ग असतात."

बारकीने मान वर केली. इतका वेळ तिला वाटत होतं की तिला मामाचा राग आलाय. आता तिच्या लक्षात आलं, ती त्याची वाट बघतेय. चौथीच्या वर्गातली मुलं अर्ध्या फळ्याकडे बघत असतील तशी.

"सगळ्यांचं झालं," थोरली म्हणाली. "आता तुझं वाक्य."

भाऊने तोंड उघडलं. त्याच्या मनात एक वाक्य तयार होतं, असं पुढे कित्येक वर्षांनी त्याने मामीला सांगितलं. पण त्याच्या डोळ्यांवर खिडकीतलं ऊन होतं आणि त्या उजेडामागे त्याला संस्थेच्या अध्यक्षांचं टेबल दिसलं, नव्या इमारतीच्या कोनशिलेवर कोरायचं आपलं नाव दिसलं, निवृत्तीच्या सभेत हार घालायला लागलेली रांग दिसली.

"तुम्हा लोकांना काय कळणार," तो म्हणाला आणि उठला.

त्या खुर्चीवरून वाक्य न सांगता उठलेला तो पहिला. धाकटीच्या तोंडून नुसतं "अरे" निघालं. तो मधून चालत दारापर्यंत गेला. या खेपेस कोणी खुर्ची सरकवली नाही, त्याला अंग चोरून जावं लागलं. दारात तो थांबला.

"चल," तो मामीला म्हणाला.

मामी उठली. पिशवी उचलली, पुन्हा खाली ठेवली. "तुम्ही व्हा पुढे. कपबशा राहिल्यात."

"कपबशा?"

"हो. राहिल्यात."

तो गेला. फाटक वाजलं.

धाकटी रडत होती आणि रडता रडता भावाला काहीबाही बोलत होती. बारकीने आईला पाणी दिलं. मामी खरोखरच कपबशा गोळा करून आत घेऊन गेली, आणि नळ सोडला तो कितीतरी वेळ नुसताच वाहत राहिला.

थोरली उठली. गुडघ्यांवर हात ठेवत फळ्याजवळ गेली आणि त्या रिकाम्या खुर्चीवर बसली. ऊन आता तिच्या डोळ्यांवर आलं.

"जावईबापू, कागद घ्या."

"आई, जरा विचार करा. सख्खा भाऊ आहे. उद्या कोर्टात सगळ्यांसमोर वाचलं जाईल. वर्तमानपत्रात येईल."

"येऊ दे. त्या दिवशी व्यासपीठावरून तो काय बोलला ते मी कानांनी ऐकलंय. त्याने शपथेवर लिहून दिलंय, मीही लिहून देते. कोणाचं खरं ते कोर्ट ठरवेल. लिहा."

जावयाने पेन काढलं. बारकी त्याच्या शेजारी येऊन उभी राहिली.

"मी खाली सही करणारी," थोरली सांगू लागली, सावकाश, श्रुतलेखन घालायची तसं, प्रत्येक शब्दानंतर थांबून, "सेवानिवृत्त मुख्याध्यापिका, सत्य प्रतिज्ञेवर लिहून देते की, सदर महाविद्यालयाचे प्राचार्य हे माझे सख्खे धाकटे भाऊ आहेत. त्यांना लिहायला-वाचायला मी शिकवलं."

जावयाचं पेन थांबलं. "हे दुसरं वाक्य कोर्टाला उपयोगाचं नाही, आई."

"कोर्टासाठी नाहीच ते," थोरली म्हणाली. "राहू द्या. पुढे लिहा."